तातेराक बसली

अपोलुसने दातांनी गाठ सोडली. बोटं बधिर झाली होती आणि अकरा कुत्र्यांच्या अकरा दोऱ्यांची वेणी झाली होती.

*

दुकानाच्या दारावर कागद चिकटवला आहे: पाहुण्यांनी कुत्र्यांना हात लावू नये. त्याखाली कुणीतरी पेनाने लिहिलं आहे: हे कुत्र्यांनाही सांगा.

*

नवऱ्याचे, येरेमिआसचे, सीलच्या कातड्याचे बूट हान्सीनेने अजून कुणाला दिलेले नाहीत. कातडं कडक होऊ नये म्हणून दर हिवाळ्याच्या तोंडाशी ती ते चावून मऊ करते. त्यात पाय कुणाचाच जात नाही.

*

मार्चमध्ये ऊन परत येतं. ऊब येत नाही.

*

या वस्तीत माणसं बायकोशी खोटं बोलतात, पाद्र्याशी बोलतात, मारलेल्या अस्वलाबद्दल तर हमखास बोलतात. बर्फाबद्दल कुणी खोटं बोलत नाही. आपल्या शब्दावर उद्या दुसऱ्याची घसरगाडी जाणार असते.

*

"खाडी तीन वर्षांनी धड गोठलीये," हान्सीने काल म्हणाली होती. "उद्या तुमची ती पाहुणी आहेच. घेऊन जा तिला पलीकडे. तातेराक गेली, तर मी पुन्हा तोंड उघडणार नाही, भाऊजी. नाही गेली, तर परवा मला ती कुत्री खिडकीतून दिसता कामा नये."

अपोलुसने कपातली साखर ढवळली होती. साखर केव्हाच विरघळली होती.

*

तातेराक ही त्याची म्होरकी. सगळ्यात लांब दोरी तिची. बाकीच्या दहा कुत्र्यांनी पंख्यासारखं पसरून तिच्यामागे धावायचं. तीन हिवाळ्यांपूर्वी याच खाडीत गाडी भेगेत गेली, तेव्हाही पुढे तीच होती. गाडीवर दोघे भाऊ होते. अपोलुस वर आला. येरेमिआस आला नाही.

कुत्री चुकली, असं अपोलुसने सांगितलं होतं.

माणूस बुडवलेली म्होरकी इथे कुणी ठेवत नाही. अपोलुसने ठेवली. लोक आधी चकित झाले, मग वैतागले, मग त्याच्या भावाचं दुःख ते, म्हणून गप्प बसले. तेव्हापासून तो पाहुण्यांना डोंगरामागच्या जमिनीवरून फिरवून आणायचा. खाडीकडे गाडी वळवायची वेळच आली नाही, कारण खाडी धड गोठलीच नाही.

यंदा गोठली.

"काय रे, आज कुत्र्यांना आंघोळ घातलीस की काय?" मासेमार पाविआ त्याच्या होडीवरून ओरडला. होडी बर्फावर उलटी पडली होती आणि पाविआ तिच्यावर बसून सिगारेट ओढत होता. "पाहुणी डेन्मार्कची दिसते. जपून बस म्हणावं. परवाची बाई तुझ्या गाडीवरून पडली ती थेट कोपनहेगनला पोचली."

"तुझी पोरं आलीत का रे गळ टाकून?"

"आज जातील. तू परत आलास की जातील." पाविआने राख झटकली. "तू सांगशील ना, कसा आहे ते."

अपोलुसने गाडीवर रेनडिअरचं कातडं अंथरलं.

पाहुणीचं नाव लिसबेट. ऑर्हुसच्या शाळेत चाळीस वर्षं भूगोल शिकवून ती नुकतीच निवृत्त झाली होती. उसना घेतलेला केसाळ कोट तिला इतका मोठा झाला होता की बाही हलली तरी हात हलतोय की नाही ते कळत नव्हतं. ती कातड्यावर बसली, पाय लांब केले आणि म्हणाली, "मी फळ्यावर ग्रीनलंड किती वेळा काढलं असेल! नेहमी घाईत. तास संपत आलेला असायचा."

अपोलुसला डॅनिश येत होतं. बोलायला आवडत नव्हतं. "घट्ट धरा बाई," एवढंच तो म्हणाला.

कुत्री सुटली.

काठाजवळ भरती-ओहोटीने बर्फ मोडून उभा राहतो, तिथे गाडी उचलावी लागते. तातेराकने ती जागा चटकन पार केली. चढ, उतार, दोन फळ्यांएवढी फट, मग पुन्हा चढ. लिसबेट किंचाळली आणि लगेच हसली. आणि मग समोर खाडी आली. सपाट, पांढरी, पलीकडच्या काळ्या डोंगरापर्यंत नुसतं ऊन.

तातेराक दहा पावलं धावली आणि बसली.

मागची दहा कुत्री तिच्यावर आदळली. दोऱ्या गुंतल्या. दोघा नरांनी त्या निमित्ताने जुनं भांडण काढलं. अपोलुसने त्यांना लाथा घालून वेगळं केलं, दोऱ्या सोडवल्या, तातेराकला पुन्हा पुढे उभं केलं.

"चल. हा! चल."

ती बसली. पोट बर्फाला टेकवलं, कान मागे घेतले आणि त्याच्याकडे न बघता पलीकडच्या डोंगराकडे बघत राहिली.

त्याने चाबूक तिच्या डावीकडे वाजवला. मग उजवीकडे. शेपूट हललं नाही. तिसऱ्यांदा हात वर गेला तेव्हा चाबूक सरळ तिच्या पाठीवर उतरणार होता. हात वरच थांबला. बराच वेळ थांबला. लिसबेटला वाटलं, त्याच्या खांद्यात कळ आली.

चाबूक गुंडाळून त्याने गाडीवर ठेवला आणि पहार घेतली.

तो एकटाच पुढे गेला. तीस पावलं. पहार बर्फावर मारली. ती टणकन उडाली. आणखी वीस पावलं गेला, पुन्हा मारली. पुन्हा तोच आवाज, भरीव, खालून काहीही न बोलणारा. मग तो गुडघ्यांवर बसला आणि एकाच जागी खोदत राहिला. घाव, घाव, भुगा हाताने बाहेर. हातमोजा काढून भोकात हात घातला. कोपरापर्यंत हात गेला आणि बोटांना अजून कोरडा बर्फच लागत होता.

असा बर्फ त्याने लहानपणी पाहिला होता. यावरून चर्चच्या लाकडांची गाडी गेली असती.

तो तसाच हात आत घालून बसून राहिला. मागे कुत्री जांभया देत होती.

परत आला तेव्हा लिसबेट गाडीवरून उतरून उभी होती. तिचा चेहरा उतरला होता.

"बर्फ..." ती म्हणाली. "चांगला आहे का?"

अपोलुसने भुवया उंचावल्या.

त्याच्या माणसांत भुवया उंचावल्या की हो. नाक आक्रसलं की नाही. इतकं साधं आहे हे, तान्हं मूलही बोलायच्या आधी शिकतं. लिसबेट ऑर्हुसची होती. ज्याला काही सांगता येत नाही, अशा माणसाच्या भुवया तिने पाहिल्या.

"देवा," ती हळूच म्हणाली. मग मोठ्या कोटासकट धडपडत पुढे गेली, दुकानावरचा कागद विसरली आणि तातेराकच्या मानेला मिठी मारून बसली. "शहाणी ग माझी. शहाणी."

तातेराकने तोंड वळवलं. अपोलुसने गाडी फिरवली.

*

सहलीनंतर पाहुण्यांनी हान्सीनेकडे कॉफी घ्यायची, हे ठरलेलंच. लिसबेटने केक खाल्ला, दुसरा घेतला आणि हातवारे करत सगळं सांगितलं. कुत्री कशी बसली, याने किती मारून पाहिलं, ती कशी हलली नाही. "आज ती नसती तर आम्ही दोघं तळाशी असतो," ती म्हणाली. डोळे पुसले.

हान्सीनेला डॅनिश चांगलं येत होतं. तिने किटली खाली ठेवली आणि आपल्या भाषेत विचारलं,

"खरंच का भाऊजी? बर्फ वाईट आहे?"

बाहेर पाविआची पोरं गळाच्या पेट्या गाडीवर बांधत होती. दोन घरं खालचे लोकही थांबले होते. हो म्हटलं असतं तर कुत्री जगली असती. पेट्या उतरल्या असत्या, आणि या हंगामातला एकुलता एक चांगला बर्फ वस्तीने खिडकीतून बघितला असता.

अपोलुसने नाक आक्रसलं.

हान्सीने खिडकीशी गेली.

"किती आहे?"

त्याने डाव्या हाताने उजवं कोपर दाखवलं. मग जरा वर.

तिने खिडकी उघडली आणि पोरांना ओरडून सांगितलं, "जा रे! हातभर आहे!" खिडकी लावली. कॉफी ओतली. लिसबेटच्या कपात, मग त्याच्या.

"काय म्हणाल्या?" लिसबेटने विचारलं.

"मी म्हणाले, थंडी आहे."

अपोलुस उठला. दारामागची बंदूक त्याने घेतली नाही, नुसता तिच्याजवळ उभा राहिला.

"वहिनी."

"हं."

"त्या दिवशी खाडीत..."

"नको," हान्सीने म्हणाली. तिने टेबलावरचे केकचे कण तळहातात गोळा केले. "तीन वर्षं मी तो दिवस मनात चालवतेय. तुम्ही नका आता पुन्हा सुरू करू. ती चुकली, तिला भीती बसली. जनावर आहे. तिला तरी किती दिवस भीतीत ठेवायचं?" मग कपाटातून सीलच्या चरबीचा तुकडा काढून त्याच्या हातावर ठेवला. "हे घाला तिला. उपाशी नको."

त्याने चरबीचा तुकडा खिशात टाकला. बंदूक घेतली.

साखळी काढल्यावर तातेराकला आधी कळेना, दोरी का नाही ते. मग कळलं. ती डोंगरामागच्या वाटेवर धावत सुटली, वीस पावलांवर थांबली, मागे वळून पाहिलं, तो येतोय ना, आणि पुन्हा धावली. शेपटीचं वेटोळं पाठीवर घट्ट होतं. बर्फावरून माग काढत पुढे जाणं, एवढंच तिला येत होतं, आणि ते ती अजूनही फार चांगलं करत होती.

हान्सीनेच्या खिडकीतून लिसबेटने दोघांना फिरायला निघालेलं पाहिलं. तिने मोठ्या कोटाची बाही हलवली.

खाडीवर पाविआच्या पोरांची गाडी सरळ रेषेत पलीकडे चालली होती.

येरेमिआस बुडाला त्या दिवशी भेगेच्या अलीकडे तातेराक दोनदा बसली होती, आणि दोन्ही वेळा अपोलुसने तिला चाबकाने उठवलं होतं.