जावयाच्या फळ्या सावलीत

निर्णय घ्यायची वेळ आली की मालकांचं पित्त खवळायचं. या वेळचा निर्णय तर घरातलाच होता. त्यांच्या कारखान्यात बाहेरच्या भिंतींना लावायचा रंग बने, आणि तो वर्षानुवर्षं त्यांच्या मेव्हण्याच्या, म्हणजे सगळ्या कारखान्याच्या मामांच्या, कृतीने बने. आता जावयाने स्वतःची कृती आणली होती. ती स्वस्त होती, चकचकीत होती, आणि जावयाची होती. उन्हात जो रंग कमी विटेल तो ठेवायचा असं ठरलं. जावयाचा ठेवला तर मामांची प्रयोगशाळा बंद, आणि त्या खोलीत जावयाचं ऑफिस. मामांचा ठेवला तर मुलगी अबोला धरणार. जावयाचा ठेवला तर बायको. मालकांनी मग निर्णय शास्त्रावर ढकलला आणि शास्त्र भाड्याने आणलं.

शास्त्र म्हणजे संख्याशास्त्राचे एक डॉक्टर. त्यांनी चहा घेता घेता समजावलं की इथे दोन समष्टी आहेत: मामांचा रंग लागू शकेल अशा जगातल्या यच्चयावत भिंती, आणि जावयाचा लागू शकेल अशा यच्चयावत भिंती. सगळं जग काही आपल्याला रंगवता येत नाही. म्हणून नमुन्यादाखल काही फळ्या रंगवायच्या, गच्चीवर ठेवायच्या आणि त्यांच्यातल्या फरकावरून समष्टींमधला फरक ताडायचा. कुठली फळी कुठे बसेल हे मात्र नाणं उडवून ठरवायचं. मालकांनी मान डोलावली. सगळं जग रंगवता येत नाही एवढंच त्यांना कळलं होतं, आणि ते जरा मनाला लागलं होतं.

डॉक्टर स्वतः गच्चीवर गेले नाहीत, कारण गुडघे. नाणं मुकादमाच्या हाती दिलं.

उन्हाळा सरला आणि निकाल आला तो दणदणीत. मामांच्या फळ्या पार विटलेल्या. जावयाच्या अशा, की हात लावला तर ओल्या वाटाव्यात. डॉक्टर हरखून गेले. इतका फरक निव्वळ योगायोगाने पडणं जवळजवळ अशक्य आहे, असं त्यांनी दोनदा सांगितलं. जावई नम्रपणे हसले. त्यांनी ते हसू घरूनच करून आणलं असावं.

मामा उठले आणि गच्चीवर गेले. जावयाच्या झाडून सगळ्या फळ्या पाण्याच्या टाकीच्या सावलीत मांडल्या होत्या, खाली विटांचा आधार देऊन. मामांच्या फळ्या पश्चिमेच्या कठड्याला टेकवलेल्या. मुकादमाला बोलावलं, तर त्याला यात लपवण्यासारखं काही वाटलंच नाही.

"नाणं उडवलं ना मामा, एकेका फळीला उडवलं. पण ते जावईबापूंना सारखं उन्हात पाठवत होतं. बरं दिसतं का ते? तुम्ही काय, घरचेच."

डॉक्टरांचं म्हणणं तसं खरंच होतं. योगायोगाचा त्या निकालात काहीच हात नव्हता. मुकादमाने त्याला जिन्यावरूनच परत पाठवलं होतं.

मामांनी मागितली म्हणून फेरचाचणी झाली, पण कशी? जावयाला घाई होती, कारण खोलीसाठी पडदे शिवायला टाकले होते. मालकांना खर्च नको होता. तीनच फळ्या इकडच्या, तीनच तिकडच्या, आणि थोडेच आठवडे, असं ठरलं. मामांनी जास्त फळ्या मागून पाहिल्या. डॉक्टरांनी या वादात चष्मा पुसला. शेवटी, नाणं मी स्वतः उडवणार, एवढ्यावर मामा राजी झाले. नाणं सरळ पडलं की न्यायही सरळ पडतो, अशी त्यांची समजूत होती. आयुष्य रसायनांत गेलेला माणूस; माणसांचा अभ्यास कच्चा राहिला होता.

या खेपेला जावयाच्या फळ्या जास्त विटल्या. फार नाही, पण डोळ्यांना दिसेल इतक्या. मालकांनी सगळ्यांना ऑफिसात बसवलं आणि डॉक्टरांकडे पाहिलं. डॉक्टरांनी मालकांकडे पाहिलं, मग छताच्या पंख्याकडे.

"तीन-तीन फळ्यांत एवढासा फरक योगायोगानेही पडू शकतो," ते म्हणाले. "फरक सिद्ध होत नाही."

"म्हणजे दोन्ही रंग सारखेच," मालक म्हणाले.

"नाही भाऊजी," मामा म्हणाले. "म्हणजे एवढ्या फळ्यांवरून सांगता येत नाही. विचारा त्यांना. डॉक्टर, फरक नाही, की दिसला नाही?"

डॉक्टरांना उत्तर येत होतं. पहिल्या वर्षाच्या पोरांना ते हेच शिकवत, आणि चुकलं तर नापास करत.

"व्यवहारात," ते म्हणाले, "एकच."

"आणि सांगताच येत नसेल," मालक म्हणाले, "तर त्यासाठी मी अख्खी प्रयोगशाळा पोसू? सारखेच आहेत ना, मग स्वस्त तो घेऊ."

जावई पुन्हा नम्रपणे हसले. डॉक्टरांनी मालकांचं अभिनंदन केलं. कशाबद्दल, ते कुणी विचारलं नाही.

संध्याकाळी बहिणीने, म्हणजे मालकांच्या बायकोने, मामांना जेवायला थांबवून घेतलं. अबोला वगैरे काही धरला नाही. जावयाची नवी केबिन, नवे पडदे, असं बरंच तिला आता दिसू लागलं होतं. पण भावाला वाढताना तिने ऐकवलंच.

"तुला कुणी सांगितलं होतं फेरचाचणी माग म्हणून? पहिल्यांदा हरला होतास तेव्हा निदान मुकादमाला शिव्या घालता आल्या असत्या. आता रीतसर हरलास. आता कुणाला काय सांगशील?"

मामा जेवून उठले. सकाळी त्यांनी काचेची भांडी धुऊन उपडी घातली आणि प्रयोगशाळेची किल्ली घेऊन जावयाच्या टेबलाशी उभे राहिले. जावई फोनवर पडदेवाल्याशी बोलत होते. त्यांनी मामांकडे न बघता, किल्ली कुठे ठेवायची ते बोटाने दाखवलं.