खोरीत हाक मारायची नाही

बावड्याहून कोकणात उतरणारे बैलवाले सुबानाच्या ओसरीवर पाठ टेकायचे, ते निम्मे विसाव्यासाठी आणि निम्मे गोष्टीसाठी. घाटमाथ्यावरच्या त्या वाडीत सुबानासारखी गोष्ट कुणी सांगत नसे. त्याच्याकडे भुतं चिकार होती. विहिरीतल्या आसरा होत्या, वाटेवर तंबाखू मागणारा बिनडोक्याचा हवालदार होता. पण माणसं हटकून मागायची ती खोरीतल्या, म्हणजे वाटेखालच्या अरुंद दरीतल्या, चकव्याची गोष्ट, कारण ती त्याच्या स्वतःच्या लेकाची होती.

सून तानाबाई आत चुलीपुढे बसून ती ऐकायची. आता कुठे काय येणार, हे तिला शब्दाशब्दाला माहीत होतं.

"खोरीतनं जाताना तोंड मिटून जायाचं, पावणं," सुबाना सुरू करायचा. "हाक मारायची न्हाय. कुणाचं नाव घ्यायचं न्हाय. नाव कानावर पडलं की चकवा ते उचलतोय, आन तुमच्याच आवाजात तुम्हास्नी परत देतोय. त्या आवाजामागनं जो गेला, तो गेलाच."

मग केरबा यायचा. केरबा कार्तिकात हिरडे गोळा करायला खोरीत गेला, दुपारनंतर अवकाळी वादळ उठलं आणि तो परतला नाही.

"दुसऱ्या दिशी आमी वाडीतली समदी गडीमाणसं गेलो. तोंडाला पटक्याचं शेव बांधलं हुतं. एकानं हूं म्हणून केलं न्हाय. आन खोरीत आवाज सुरू झाला की! टक. टक. मधीच थांबायचा, परत टक. एकदा डाव्या कड्यातनं, एकदा उजव्या. कुनीकडं बघावं कळंना. म्या वळिकलं, ह्यो आपल्याला बोलावतोय. म्हटलं, फिरा मागारी. आता एक पाऊल टाकलं तर आपुन बी जाणार."

इथे तो चिलीम ओढायला थांबायचा. बैलवालेही थांबायचे.

"आन तिसऱ्या पावसाळ्यात दिवा दिसला. वाटंच्या वळणावरनं, खाली झाडीत. हिरवा, गार उजेड. हलत न्हाय, इझत न्हाय. दरसाल पावसात लागतोय, दिवाळीला जातोय. माजा केरबा हाय त्यो. वाट हुडकतोय. चकव्यानं नेलेलं माणूस मेल्यालं नसतंय, पावणं. बारा वर्सांनी सोडतोय."

हा शेवट ऐकताना पावणे हळहळायचे. तानाबाई मात्र चुलीतलं लाकूड उगाच पुढे सारायची.

महाराज गादीवर बसले त्या उन्हाळ्यात ती लग्न होऊन या घरात आली. केरबा गेला तेव्हा तिच्या पदरात पोर नव्हतं. सासू त्याआधीच प्लेगात गेली होती. त्यानंतर घरात ती आणि सासरा, दोघंच. सुबाना वाईट माणूस नव्हता. भाकरी गार असली तरी तो बोलायचा नाही, आणि बाजारातून येताना तिच्यासाठी कुंकवाची पुडी न विसरता आणायचा. त्या पुडीचंच तिला ओझं व्हायचं. त्यांच्या जातीत विधवेचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लागत होता. साळवणच्या बाळासोचं स्थळ तिच्या भावानं आणलं होतं. बायको वारलेला, पण धडधाकट गडी, आणि दसऱ्यापर्यंत थांबायला तयार. भाऊ विचारायला आला, तेव्हा सुबाना रागावलाही नाही. "नवरा जित्ता आस्ताना पाट कसा लावतूस?" एवढंच म्हणाला. बारा वर्षांतली निम्मीसुद्धा अजून सरली नव्हती. सरतील तेव्हा बाळासो कुठला थांबतोय?

त्या भाद्रपदात ओढ्याला मोठा लोंढा आला. ओढा खोरीतूनच खाली येतो. पाणी ओसरल्यावर तानाबाईनं काठाला अडकलेली लाकडं गोळा करून आणली आणि वाळायला चुलीवरच्या फळ्यांवर ठेवली. एक कुजकं ढलपं तेवढं कणगीमागे पडलं, ते तसंच राहिलं. दुसऱ्या दिवशी भात काढायला ती कणगीकडे गेली. पावसाळ्यात त्या घरात भर दुपारीही अंधार असे. कणगीमागे हिरवा, गार उजेड होता. हलत नव्हता, विझत नव्हता.

ती मागच्या मागे चुलीपाशी येऊन बसली. पण भात तर काढायला हवं होतं. ती पुन्हा गेली आणि तिनं चिमट्यानं ते ढलपं पुढे ओढलं. दाराच्या उजेडात आणल्यावर ते साधं, पांढुरक्या बुरशीचं लाकूड होतं. अंधारात नेलं की पुन्हा पेटायचं. हात लावला तर गारच. बोटाला थोडा भुसा लागला, आणि बोटही चमकलं.

सुबानाला ती काही बोलली नाही. ढलप्याचा एक तुकडा मोडून तिनं चुलीशेजारी ठेवला. तो वाळला आणि विझला. दुसरा ओल्या फडक्यात गुंडाळला, तो चमकत राहिला. परसातलं दुसरं कुजकं लाकूड आणून बघितलं, ते अंधारात काळंच राहिलं. म्हणजे सगळंच लाकूड असं करत नव्हतं. पण जे करत होतं, ते ओल असेतोवरच. दिवाळीला खोरीतला दिवा का जातो, हे तिला चुलीपुढे बसल्या बसल्या समजलं. दिवाळीला पाऊस सरतो. लाकूड वाळतं.

पण मग खोरीत माणूस नव्हता. नुसतं लाकूड होतं. हे समजल्यावर तिला हायसं वाटायला हवं होतं. तसं वाटलं नाही.

दसऱ्याच्या तोंडावर खैरुनबी आली. खैरुनबी मणेरीण. माहेर पेठ वडगावचं, लग्न होऊन कळ्याला आलेली, आणि आता डोक्यावर बांगड्यांची पाटी घेऊन घाटातल्या वाड्या फिरणारी. तिनं तानाबाईचा हात मांडीवर ओढला आणि बोटांची हाडं दाबायला सुरुवात केली.

"हात किती घट झालाय गं! कुदळ चालवतीस का काय? ढिला सोड. हिरव्याच भरू न्हवं?"

"मावशी, खोरीतला दिवा माज्या घरात हाय."

खैरुनबीनं दाबायचं थांबवलं. "या अल्ला! आन ही हातात हात घिऊन सांगतीया!"

तानाबाईनं तिला कणगीमागे नेलं. खैरुनबी आधी दारातच अडून राहिली, मग वाकली, मग अगदी नाक लावून बघू लागली.

"म्हंजे चकवा न्हाय."

"लाकूड हाय. खोरीत पडल्यालं कुठलंतरी झाड."

"मग तुज्या मालकाचं काय?"

"तेच बघाय जायाचं हाय. तुमी येता?"

"मी? माज्या पाटीत शंभराची काच हाय, बाई!" असं म्हणत खैरुनबीनं पाटी कोपऱ्यात सरकवली आणि पदर खोचला. "चल. तुज्या सासऱ्याला काय सांगूया?"

"तिकडच्या अंगाला सरपण हाय म्हणून."

"खोटं कुठं हाय त्यात!"

पाऊस थांबून थांबून पडत होता. वाटेच्या वळणावरून दोघी खाली उतरल्या. दिवा कुठे दिसतो ते तानाबाईला ठाऊक होतं: मोठ्या धोंडीच्या खालच्या बाजूला. गवत कमरेएवढं झालं होतं आणि पायवाट कधी नव्हतीच. धोंडीखाली हिरड्याचं जुनं झाड मुळासकट कलंडलेलं दिसलं. दिवसा तिथे उजेड कुठला असणार? तानाबाईनं खोडाची साल उपटली, डोक्यावरचं घोंगडं पुढे ओढलं आणि खैरुनबीलाही आत घेतलं. भर दुपारी दोघी बायका डोक्याला डोकं लावून घोंगड्याच्या अंधारात बघत बसल्या. साल चमकत होती.

"कुनी बघितलं तर म्हनंल, ह्या दोगी खुळ्या झाल्या," खैरुनबी कुजबुजली.

तानाबाई हसली नाही. तिनं घोंगडं मागे टाकलं आणि खोडाला वळसा घालून ती पलीकडे गेली.

पलीकडे गवतात चांदीची बारीक साखळी काळी पडलेली होती, करदोट्याची. ती तिच्या ओळखीची होती. हाडं फार राहिली नव्हती, जनावरांनी कधीच पांगवली होती. पण खोडाखाली दडपलेला पाय तसाच होता. खैरुनबीनं तोंडाला पदर लावला आणि ती आपल्या बोलीत काहीतरी पुटपुटली.

तानाबाई उभी होती ती हळूच खाली बसली. आता ती बसली होती तिथून खोडाची खालची बाजू दिसत होती, आणि तिथे कोयता होता. लाकडात रुतून बसलेला. वरून नाही, खालून. जमिनीवर आडव्या पडलेल्या माणसानं वर मारला तरच तसा बसेल असा. त्याच्या आजूबाजूला खाचाच खाचा होत्या.

टक. टक. मधेच थांबायचा. परत टक.

ही गोष्ट तिनं इतक्यांदा ऐकली होती की आवाज आठवायला तिला काही करावं लागलं नाही. दोन्ही कडे जवळ होते. एका बाजूला वाजलेलं दुसऱ्या बाजूनं येणारच. वाडीतली सगळी माणसं वर वाटेवर उभी होती, तोंडाला पटके बांधून. आणि खाली तो होता. त्यानं हाक का मारली नाही, हेही तिला कळलं. तो सुबानाचा लेक होता. खोरीत हाक मारायची नाही, हे त्यानं पाळण्यात ऐकलं होतं.

"काय बघतीस?" खैरुनबीनं विचारलं.

"काय न्हाय."

तिनं कोयत्याची मूठ धरली. मूठ कुजली होती, ती हातातच चुरली. मग तिनं पात्याला दगडानं एका बाजूनं ठोकलं, मग दुसऱ्या. पातं हललं, सुटलं. ते तिनं हाडांपासून लांब, गवतात ठेवलं, हातातून उडून पडावं तसं. खाचांवर ओला चिखल आणि पाला थापला. खैरुनबी बघत राहिली. तिला सगळं समजलं की नाही कोण जाणे, पण तिनं खाली वाकून आणखी मूठभर चिखल आणून दिला.

घरी येऊन तानाबाईनं चमकणारं ढलपं दाखवलं, हाडं सापडल्याचं सांगितलं, आणि दुसऱ्या दिवशी वाडी खोरीत उतरली. सुबाना सगळ्यांत पुढे होता. चिलीम नाही, काठी नाही. त्यानं करदोट्याची साखळी उचलून हातात धरली आणि खोडाकडे बघत उभा राहिला.

"झाड अंगावर आलं, मामा," तानाबाई म्हणाली. "वादळातच. लागल्या लागल्या गेलं आसत्याल. कळलं बी नसंल."

"कळलं बी नसंल," सुबाना म्हणाला.

माणसं हाडं वेचायला लागली. सुबाना खोडापाशी वाकला. रात्रीच्या सरीनं चिखल थोडा धुऊन गेला होता. त्याचं बोट लाकडावरून फिरलं, एका खाचेत गेलं, तिथून दुसऱ्या. जन्मभर कोयता चालवलेला माणूस तो.

मग उठला आणि तिच्याकडे न बघता म्हणाला, "पावसानं लाकूड चिरतंय आसं."

"व्हय, मामा."

मग तो दोन पावलं पुढे गेला, कड्याकडे तोंड केलं आणि ओरडला.

"केरबाऽऽ!"

वेचणाऱ्यांचे हात थांबले. एकानं कानांवर हात ठेवले. डाव्या कड्यानं नाव परत दिलं, मग उजव्यानं, मग लांबून कुठून तरी. सुबानानं पुन्हा हाक मारली. आवाज फाटेपर्यंत तो मारत राहिला, आणि कुणी त्याला थांबवलं नाही.

सुतक फिटल्यावर खैरुनबी मुद्दाम परत घाट चढून आली. वाडीतली एक म्हातारी दगड घेऊनच बसली होती, पण खैरुनबीनं तिला बाजूला सारलं. "मी बांगड्या भरती. फोडाय न्हाय आले." रिठ्याच्या पाण्यात तानाबाईचा हात बुडवून तिनं एकेक बांगडी उतरवली आणि फडक्यात बांधून पाटीत टाकली. "ह्याच परत भरीन. साळवणला येती मी."

बाळासोला निरोप सुबानानंच धाडला. दिवाळीनंतर तानाबाईचा भाऊ न्यायला आला, त्या दिवशी ओसरीवर बैलवाले उतरले होते. तानाबाई गाठोडं बांधत होती आणि बाहेर कुणीतरी खोरीची गोष्ट मागितली. तिला वाटलं, आता सुबाना नाही म्हणेल.

तो नाही म्हणाला नाही. चकवा होता तसाच होता, कडेही तेच होते. चिलीम ओढायला तो गोष्टीतल्या नेहमीच्याच जागी थांबला.

"तर पावणं, खोरीत चकवा हाय," तो म्हणाला. "लई वंगाळ. पर त्याला एकच भ्या हाय. माणसानं माणसाला नाव घिऊन हाक मारली की त्याचं काय चालत न्हाय. म्हणून खोरीत माणूस चुकलं तर हाका मारायच्या. मोठ्यांदा. घसा बसंस्तवर. आन टक टक ऐकू आलं..."

इथे तो थांबला. पूर्वी तो या जागी कधी थांबत नसे.

"टक टक ऐकू आलं तर मागारी फिरायचं न्हाय. त्या आवाजावर जायाचं."

तानाबाई गाठोडं उचलून बाहेर आली, त्याच्या पाया पडली. त्यानं तिच्या डोक्यावर हात ठेवला आणि ती ओसरीखाली उतरेपर्यंत काढला नाही. भावाच्या मागून ती वाटेला लागली. वळणावर, खोरी जिथून दिसते तिथे, तिला मागून तिच्या नावाची हाक ऐकू आली. सुबाना ओसरीच्या कडेला उभा राहून मारत होता. काम काहीच नव्हतं. तिनंही मोठ्यांदा ओ दिली.