पहिला कुठल्या बाजूचा

दुफीनं तोंडात काय घातलंय ते बघायला ओफोरिवा वाकली, तेव्हा सकाळचे साडेनऊ झाले होते आणि ग्यांफीची गाडी निघून सव्वा तास झाला होता.

नऊ महिन्यांचं लेकरू ते. दात यायचे दिवस, हाताला लागेल ते हिरड्यांखाली. कुमासी शहरातल्या सुएम भागातल्या फिटर गल्लीत हाताला लागायचं म्हणजे नट, वायसर, जळकी बेअरिंगं. म्हणून ओफोरिवानं तिच्यासाठी दोन जुने टायर एकावर एक ठेवून घरकुल केलं होतं. आत चटई, चटईवर लाकडी चमचा. चमचा टाकून पोरीनं बाजूच्या डब्यातला जुना स्पार्क प्लग उचलला होता आणि मनापासून चोखत होती.

"दे इकडे. दे गं बाई. तुला दूध कमी पडतं का माझं?"

तिनं प्लग सोडवून घेतला, लेकीचं तोंड अंगावरच्या कापडाच्या टोकानं आतून पुसलं, मग प्लगवरची लाळही पुसली. डब्यात परत टाकणार तोच हात थांबला. प्लगचं टोक कोरडं होतं. भाजलेल्या बिस्किटासारखं तपकिरी, एकसारखं.

ज्या सिलिंडरमध्ये ठिणगी पडत नाही, त्याचा प्लग असा नसतो. तो काळा पडतो, ओला असतो, नाकाशी नेला की पेट्रोलचा दर्प येतो. हा प्लग धडधाकट सिलिंडरचा होता. आणि तो आज सकाळी ग्यांफीच्या गाडीतून तिनंच काढला होता, आजारी म्हणून.

गाडी फ्रेंच होती. जुनी, मागे तीन बाकं, कुमासी ते एजुरा रोजची फेरी. दोन दिवस ती चढावर मिसिंग करत होती, मध्येच धक्के खात होती. ओफोरिवानं इंजिनातला दोष दाखवणारा स्कॅनर लावला, त्यानं सांगितलं, पहिला सिलिंडर पेटत नाही. तिनं पंख्याच्या बाजूनं पहिला धरला, त्याचा प्लग बदलला, त्याला ठिणगी देणारं कॉइल बदललं, काट्यांजवळचा इशाऱ्याचा दिवा घालवला. सकाळच्या गारठ्यात इंजिन मांजरासारखं घुरघुरलं. ग्यांफी खूश. त्याच गाडीत तिनं आईला आणि थोरल्या लेकीला, सहा वर्षांच्या कोनाडूला बसवून दिलं होतं, एजुराला मावशीकडे. अकरा माणसं भरल्यावर कोनाडूला बाकावर जागा उरली नाही, तेव्हा ती आजीच्या पायांशी, खाली बोचक्यावर बसली. खिडकीतून तिचा नुसता हात दिसला होता.

ओफोरिवानं दुफीला काखोटीला मारलं आणि पलीकडच्या शेडमध्ये गेली. बादूमास्तर बाकावर बसून मक्याची पेज पीत होते. हात थरथरायला लागल्यापासून ते पाना धरत नसत, पण अर्धी गल्ली त्यांच्या हाताखाली शिकलेली. ओफोरिवाही.

"मास्तर, फ्रेंच गाडीत पिएसी कुठं बसतो?"

मास्तर आपल्या आईचे दहावे. बादू म्हणजेच दहावा. पोरांना आकडे शिकवण्यापेक्षा त्यांनी सिलिंडरांना घरातल्या मुलांसारखी जन्माच्या क्रमाची नावं दिली होती. पहिला पिएसी, दुसरा मानू, तिसरा मेन्सा, चौथा आनाने. पिएसी नेहमी पंख्याकडे, कारण वारा आधी थोरल्याला. भरवायचं, म्हणजे ठिणगी द्यायची, मात्र जन्माच्या क्रमानं नाही: आधी पिएसी, मग मेन्सा, मग आनाने, शेवटी मानू. हा क्रम चुकला की इंजिन खोकतं, उलट फटका मारतं. पोरं हे गाण्यासारखं म्हणायची. ओफोरिवा तर दुफीला झोपवतानाही म्हणायची.

"फ्रेंच?" मास्तरांनी पेजेचा वाडगा खाली ठेवला. "ते लोक उलटे. गिअरबॉक्सकडून मोजतात."

"मला कधी सांगितलं नाहीत."

"सांगायची वेळच कुठं आली? वायरी लावायला काय फरक पडतो? उलट्या बाजूनं म्हणून बघ."

तिनं बोटांवर म्हणून बघितलं. पिएसीच्या जागी आनाने, मानूच्या जागी मेन्सा. फिरून फिरून तोच क्रम येत होता. दोन्ही टोकांकडून गाणं एकच. म्हणून तर इतकी वर्षं चाळीस फिटर चुकीच्या बाजूनं मोजत राहिले आणि कुणाचं काही अडलं नाही. वायरींना फरक पडत नव्हता. पण स्कॅनर काही क्रम सांगत नाही, तो एकाकडे बोट दाखवतो. आणि ती दुसऱ्याच टोकाला गेली होती.

"मास्तर, मी बरा होता तो काढला. आजारी तसाच आत आहे."

"मग मिसिंग करेल. ग्यांफी शिव्या देत परत येईल. बस जरा, पेज घे."

"कॉइल गरम झाल्यावर मरतंय ते. सकाळी गार होतं म्हणून कळलं नाही. आता माम्पोंगचा घाट चढतोय तो. अकरा माणसं आणि टपावर सामान."

पुढचं मास्तरांना सांगावं लागत नव्हतं. न पेटलेलं पेट्रोल वाया जात नाही; ते धुराच्या नळीतून खाली जातं आणि नळीतल्या जाळीच्या डब्यात जाऊन जळतं. डबा तापतो. आधी निळा पडतो, मग लाल होतो. तो डबा गाडीच्या पोटाखाली असतो, मधल्या बाकाच्या बरोबर खाली. हरमाटनचे कोरडे वारे सुटून तीन आठवडे झाले होते, ओठ फुटत होते, रस्त्याकडेचं गवत कमरेइतकं वाळून उभं होतं. आणि ग्यांफीचा स्टार्टर दुबळा. एकदा बंद पडली तर ढकलावी लागते म्हणून तो थांब्यावरही इंजिन बंद करत नसे.

तिनं ग्यांफीला फोन लावला. वाजून वाजून थांबला. परत लावला. तो गाणी लावून गाडी चालवतो, हे तिला माहीत होतं. आईला लावला. आई फोन कमरेच्या गाठीत बांधून ठेवते आणि कुणी चोरू नये म्हणून वर आणखी एक गाठ मारते.

"ऐक," मास्तर म्हणाले, "लागला तर सांग की पेट्रोल खराब मिळालंय, गाडी बाजूला घे. मोजण्याचं काढू नकोस. तुझ्या नावाची पाटी लागून चार महिने झाले नाहीत. बाईनं गाडी जाळली असं एकदा झालं की गल्ली तुला उभी करायची नाही."

"खराब पेट्रोलला तो थांबेल?"

मास्तरांनी वाडगा परत उचलला.

दुफी तिच्या मानेला डोकं घासत होती, तिला भूक लागली होती. ओफोरिवानं उभ्या उभ्याच तिला छातीशी घेतलं आणि दुसऱ्या हातानं, स्पीकर चालू करून, फोन लावत राहिली. चौथ्यांदा लावला. पाचव्यांदा. सहाव्यांदा आईचा आवाज आला, मागं गाणं, माणसांचा कलकलाट आणि इंजिनाचा तो तुटक, अडखळता आवाज.

"काय गं? घर पेटलं का? एवढे फोन."

"आई, कुठं आहात?"

"घाटात. वरच्या वळणापाशी थांबलोय. तुझा ग्यांफी भाजलेली केळी घ्यायला उतरलाय. गाडी काय तुझी, आजारी बकरीसारखी थरथरतेय. दुरुस्त केलीस म्हणालीस ना?"

"गाडी कशावर उभी आहे? रस्त्यावर की गवतात?"

"गवतात. रस्त्यात कोण उभी करेल? आणि पोरगी केव्हाची कुरकुरतेय, पाय भाजतात म्हणून. मी म्हटलं, लाडावलीय. बोचक्यावर पाय घेऊन बस म्हटलं."

ओफोरिवानं आवाज चढू दिला नाही. आईपुढं आवाज चढवला की आई ऐकत नाही, हे तिला लहानपणापासून ठाऊक होतं.

"आई, कोनाडूला उचल आणि उतर. आत्ता. बोचकं राहू दे."

"बोचक्यात तुझ्या मावशीचं कापड आहे. तिच्या नणंदेच्या मयतीला..."

"राहू दे. माझ्या हातून चूक झालीय. गाडीखाली लाल झालेलं लोखंड आहे."

आपल्या लेकीच्या अंगाला दुधापेक्षा पेट्रोलचाच वास येतो, असं आई चारचौघांत म्हणायची. पण ही पोरगी चूक कबूल करत नाही, हेही तीच म्हणायची. मग फोनमधून धडपड ऐकू आली, कुणाचा तरी पाय तुडवला गेला, कुणीतरी शिवी दिली, आणि कोनाडूचा झोपाळू आवाज, "आजी, माझी चप्पल चिकटलीय."

"सोड तिला. अनवाणी चल," आई म्हणाली.

पत्र्याचं दार घसरलं. थोड्या वेळानं आई धापा टाकत म्हणाली, "उतरलो. रस्त्यापलीकडं आहोत. बाकीचे हसतायत मला."

ओफोरिवानं डोळे मिटले. तेवढ्यावर फोन ठेवता आला असता. तिच्या दोघी उतरल्या होत्या.

"आई, फोन ग्यांफीला दे."

ग्यांफी तोंडात केळं घेऊनच बोलला. "काय मास्तरीणबाई, म्हातारीला का घाबरवलंत?"

"ग्यांफी, मी चुकीच्या बाजूनं मोजलं. पंख्याकडून मोजलं, तुझ्या गाडीत गिअरबॉक्सकडून मोजतात. चांगला प्लग काढून टाकला, मेलेलं कॉइल तसंच ठेवलं. सगळं पेट्रोल खाली जाऊन जळतंय. वाकून बघ."

तो वाकलेला तिला ऐकू आला, श्वास बदलला त्यावरून.

"लाल आहे," तो म्हणाला. "खाली धुमसतंय."

"आधी माणसं. मग इंजिन बंद कर आणि ब्रेक सोड. उतार आहे ना मागं? गवतातून काढून डांबरावर आण. इंजिन बंद असलं की ब्रेक दगडासारखा होतो, दोन्ही पायांनी दाब."

"आत बसू मी?"

"कुणीतरी बसायला पाहिजे."

"बाई," तो म्हणाला. फोन परत आईच्या हातात गेला.

मास्तर वाडगा धरून उभे होते. दुफी दूध पिता पिता झोपली होती. ओफोरिवा तिच्या टाळूवर हनुवटी टेकून ऐकत राहिली. ग्यांफी ओरडत होता. बायका ओरडत होत्या. एक म्हातारा म्हणत होता, माझी कोंबडी, माझी कोंबडी. मग इंजिन थांबलं आणि गवताचा आवाज आला. वाळलेल्या गवताचा तो तडतडाट एकदा ऐकला की विसरत नाही.

"आई, बोल."

"गाडी मागं येतेय. हळू येतेय. त्याच्या पायाशी जाळ आहे." आई थांबली. "डांबरावर आली. दगडाला लागली. उडी मारली त्यानं."

"आणि बाकीचे?"

आई एकेकाला बोट दाखवून मोजत होती. ओफोरिवाला वाटलं, आईनं इतकं सावकाश आयुष्यात कधी मोजलं नव्हतं. स्वतःसकट अकरा झाले. कोनाडू बारावी. ग्यांफी तेरावा, त्याची पोटरी भाजली होती. मग कोनाडू फोनवर आली आणि म्हणाली, "आई, मी रडले नाही. आजी रडली."

"शहाणी गं माझी. आजीचा हात सोडू नकोस."

"आई, डोंगर पण पेटतोय."

ओफोरिवाला वाटलं, आपण नीट ऐकलं नाही. मग आईनं फोन घेतला. गाडी निघाली तरी जाळ मागं राहिला होता आणि वारा वर जात होता. अर्ध्या चढावर कसाव्याची शेतं होती, शेतांच्या वर पत्र्याची छपरं. लोक झाडाच्या फांद्या तोडून झोडपत होते, पण जाळ त्यांच्या पुढं पळत होता. वरून माणसं खाली धावत येत होती.

"विचारतायत," आई म्हणाली, "गाडी कुणाची. ग्यांफीनं तुझं नाव सांगितलं."

"बरोबरच सांगितलं."

"अगं, ती माणसं चिडलेली आहेत. त्यांच्या हातात कोयते आहेत."

"फांद्या तोडायला असतील."

"असतील," आई म्हणाली, आणि फोन बंद झाला.

ओफोरिवानं झोपलेल्या दुफीला पाठीवर घेतलं, कापड दोनदा गुंडाळून गाठ मारली. पाठीवर ते कोमट ओझं स्थिरावलं तसा तिचा श्वास सापडला. मास्तर अजून तिथंच उभे होते.

"तुझ्या जागी मी असतो तर दोन दिवस गावाकडं गेलो असतो," ते म्हणाले. "पोरगी वाचलीय ना. आग विझू दे, लोक विझू देत."

"तुमची गाडी चालू आहे का, मास्तर?"

"तिथं जाऊन काय सांगणार आहेस?"

"ग्यांफीनं सांगितलं तेच. माझं नाव."

मास्तरांनी खिशातून किल्ली काढली. पण हातात दिली नाही. म्हातारा स्वतःच पुढं होऊन दार उघडायला लागला, आणि कापऱ्या हातानं किल्ली भोकात जाईना. ओफोरिवानं त्यांच्या मनगटाला आधार दिला. गल्लीच्या टोकाशी मोठा रस्ता उत्तरेकडं वळत होता. तिकडचं सगळं आभाळ वाऱ्याच्या धुळीनं पांढुरकं झालं होतं, आणि त्यात धूळ कुठली नि धूर कुठला, इथून काही सांगता येत नव्हतं.