चौकातला चौथा

चौकातला बाक आता चकचकीत स्टीलचा केलाय. मला मेला मुळीच आवडत नाही. जुना लाकडी होता. त्यावर तिघं ऐसपैस बसायचे आणि चौथा समोरच्या दिव्याच्या खांबाला टेकून उभा राहायचा. मास्तर, पोस्टमनकाका, शिंपीकाका आणि घड्याळं दुरुस्त करणारे माझे बाबा. रोज संध्याकाळी.

उभं राहायची पाळी ठरलेली असायची. त्या वाईट वर्षांत हुकूमच होता, चौकात तिघांपेक्षा जास्त माणसं एकत्र दिसली की उचलायची. मग या चौघांनी डोकं लढवलं. तिघं बाकावर, चौथा लांब, जणू ओळखच नाही. तो हवेशी बोलायचा आणि हे एकमेकांकडे बघून त्याला उत्तरं द्यायचे. एकदा शिंपीकाका हसता हसता बाकापाशी आले, तेवढंच. पुढच्या उन्हाळ्यात तुरुंगातून सुटून आले तेव्हा त्यांच्या बोटांना सुई धरवेना.

पुढे हुकूम गेला, हुकूम काढणारेही गेले. चौकात पोरं आइस्क्रीम खात हुंदडू लागली. पण सुंभ जळाला तरी पीळ जात नाही, त्यातले हे चौघे. चौथा काही खांब सोडेना. मी बाबांना जेवायला बोलवायला जायची, तेव्हा गल्लीच्या तोंडाशीच आवाजावरून कळायचं, आज पाळी कुणाची. किती छान होत्या त्या संध्याकाळी!

गेल्या महिन्यात शिंपीकाका गेले. बाबांनी चौकात जाणंच सोडलं.

"मास्तर दोनदा विचारून गेले," मी म्हटलं. "आता तर तिघंही बाकावर, कुणाला उभं राहायला नको."

"तेच तर," बाबा म्हणाले. "तिघंच उरलो. आता कुणाची हरकत नाही. शेवटी त्या हुकूमवाल्यांच्याच मनासारखं झालं ना?"

मला संताप आला. बाबांच्या पायांत बळेच चपला सरकवल्या आणि त्यांना चौकात नेलं. मास्तर आणि पोस्टमनकाका बसलेलेच होते. बाबांना त्यांच्या मधे बसवलं आणि मी जाऊन खांबाला टेकले. काय बोलावं ते सुचेना, म्हणून हवेकडे बघत मोठ्यांदा म्हटलं, "आज फारच उकडतंय बाई!"

मास्तर उगाच चष्मा पुसत बसले.

मग बाबा पोस्टमनकाकांकडे बघून खेकसले, "तिला म्हणावं, जरा लांब उभी राहा. चौघं झालो आपण."