शेपटीवरची मोजणी

आमच्या रस्त्याला सरकारी नंबर आहे, पाटीही आहे, पण दोब्राव्यात कुणी नंबर घेत नाही. आम्ही त्याला शेपूट म्हणतो. नेब्रास्काच्या नकाशात मोठ्या हायवेला चिकटलेलं एवढंसं टोक. हायवेवरून वळायचं, मक्यातून सरळ सुटायचं, ह्रुश्काच्या आलुबुखारांपाशी एक कोपर मारायचं, की आलं गाव. पुढं रस्ताच नाही. पुढं धान्याच्या टाक्या, चर्च आणि माझी मेहुणी व्लास्ता.

खरं तर हायवेच गावातून जायचा होता. सरकारी माणूस जागा बघायला आला तेव्हा नेमकं गावात लग्न, आणि आम्हा चेक लोकांचं लग्न एका दिवसात उरकत नाही. कुणी त्याला जमीन दाखवायला उठेना. म्हणे, आधी नाच. तो नाचला, प्याला, आणि सकाळी डोकं धरून गेला तो परत आलाच नाही. हायवे नेला खाली स्वीडिश लोकांच्या गावावरून. तिथं कुणी नाचत नाही. पुढं बऱ्याच वर्षांनी सरकारला आमची दया आली आणि हा डांबरी तुकडा मिळाला. कोपर आहे ते म्हाताऱ्या ह्रुश्कामुळं. त्यानं झाडं तोडू दिली नाहीत. "रस्ता वाकतो, झाड वाकत नाही," म्हणाला. बरोबरच बोलला. आमच्या कोलाच्यांत, म्हणजे फळं घातलेल्या गोड पावांत, भरायचे आलुबुखार अजून तिथूनच येतात.

तर यंदा सरकारनं ठरवलं, या रस्त्यावर गाड्याच नाहीत, तेव्हा तो काउंटीला, म्हणजे जिल्ह्याला, देऊन टाकू. काउंटी म्हणाली, आम्हाला डांबर परवडत नाही, उखडून खडी टाकू.

बाकीच्यांचं काय, धूळ खाल्ली असती. पण व्लास्ताचं खानावळीवर पोट. हायवेचे ट्रकवाले तिच्या कोलाच्यांसाठी वाकडी वाट करून येतात. खडीवरनं कोण येतंय?

"भावजी, खडी पडली की मी कुलूप घालणार," ती म्हणाली. "जाणार ओमाहाला लेकीकडं. तिच्या खिडकीतून पार्किंग बघत मरणार."

"मर की. आधी कॉफी तर ओत."

ती हसली. कॉफी मात्र बशीत सांडली.

मग खात्री करायची म्हणून सरकारनं गाड्या मोजायला रस्त्यावर आडवी काळी रबरी नळी टाकली. अर्विड, आमच्यातला एकुलता एक स्वीड, लग्न करून गावात आलेला, तो म्हणाला, "नळीला काय कळतंय कोण कुठं निघालंय?" झालं! सगळं गाव नळीवरून ये-जा करायला लागलं. पाद्रीबाबा गेले, मी रिकामा ट्रेलर जोडून गेलो. अर्विडनं तर हार्वेस्टर काढला. चर्च सुटलं की मंडळी घरी जायच्या ऐवजी नळीवर. इतकी मजा गावात कित्येक वर्षांत झाली नव्हती.

जरा जास्तच झाली. नळीनं सांगितलं, दोब्राव्याच्या शेपटीवर मोठ्या हायवेपेक्षा जास्त गर्दी आहे.

मग आली केंड्रा. सरकारी इंजिनिअर, नारिंगी जाकीट, पोरसवदा चेहरा. खानावळीत उभी राहून म्हणाली, "नळीच्या हिशोबानं या गावातला माणूस झोपतसुद्धा गाडीतच."

"आम्हाला फिरायची हौस आहे," अर्विड म्हणाला.

"असू दे. उद्या मी स्वतः बसून मोजणार. माझ्यासमोरून जी गाडी पुढं जाईल ती धरणार. उगाच फेऱ्या मारणाऱ्याची एकदाच धरणार."

ती गेल्यावर व्लास्तानं ओला फडका आमच्यासमोर आपटला. "ऐका रे सगळे. उद्या कुणी सोंग करायचं नाही. ज्याचं काम असेल त्यानंच जायचं. बुडायचं असेल तर मी खऱ्यानं बुडेन."

आम्ही माना हलवल्या.

सकाळी केंड्राच्या ऑफिसातल्या कुणीतरी तिला कोपरापाशी सोडलं आणि गाडी घेऊन गेला. ही बसली घडीच्या खुर्चीवर, एकटी, रस्त्याच्या कडेला.

आता आमच्याकडची गोष्ट अशी. हिवाळ्यात इथं वाऱ्यानं बर्फ उठलं की माणूस रस्त्यावर गोठून मरतो. म्हणून कडेला एकटं माणूस दिसलं की थांबायचंच. वैरी असला तरी थांबायचं, काच खाली करायची, विचारायचं. हे हाडात भिनलेलं आहे. ऊन असो, बर्फ असो, पाय आपोआप ब्रेकवर जातो.

पहिली थांबली ह्रुश्काची सून. "काय झालं गं पोरी? गाडी बंद पडली?"

"नाही, मी गाड्या मोजतेय."

"एकटीच? या उन्हात? थांब, टोपी आणते." आणि गेली की मागं वळून!

दुसरा पाणी आणायला परत फिरला. पाद्रीबाबांनी चर्चमधली गादीची खुर्ची आणायला गाडी वळवली. मी मका भरून आलो तर पुढं अर्विडचा हार्वेस्टर उभा, त्याच्यापुढं मोटारी, आणि सगळ्यांच्या पुढं केंड्रा हात हलवतेय.

"अहो, पुढं जा! मला मोजायचंय!"

"तुला एकटीला टाकून?" अर्विड वरून ओरडला. "मग रात्री झोप लागेल का मला?"

हायवेवरच्या ट्रकवाल्यांना वाटलं अपघात झाला. तेही मदतीला आत वळले. दोब्राव्याच्या इतिहासात पहिल्यांदा रस्ता तुंबला.

तेवढ्यात गावाकडून व्लास्ता आली, पायी, हातात कोलाच्यांचं ताट. ही रांग बघून तिचा चेहरा उजळला.

"किती झाल्या गं?"

केंड्रानं कागद दाखवला. "नाहीच म्हणा. जातच नाहीत कुणी. उभ्या गाड्या मला धरता येत नाहीत."

व्लास्ता मटकन कडेच्या गवतात बसली. "भावजी, तुम्ही लोकांनी मला चांगुलपणानं मारलंत."

मी टोपी काढून परत घातली.

पण बाई अशी, की स्वतः बुडत असताना तिनं ताट केंड्रापुढं केलं. "खा. तुझी काय चूक? सकाळपासून उपाशी असशील."

केंड्रानं एक खाल्ला. मग न विचारता दुसरा. बोटं चाटत रांगेकडं बघत म्हणाली, "ही सगळी माणसं निघाली कुठं होती?"

"कुठं म्हणजे? कुणी टाक्यांवर, कुणी चर्चमध्ये. आता जेवणवेळ झाली, सगळीच माझ्याकडं येतील."

"तुमच्या दारात मी बसले, तर थांबतील हे असे?"

"माझ्या दारात असे रस्त्यात कशाला थांबतील? तिथं तू काय एकटी असणार आहेस?"

केंड्रा उठली. खुर्चीची घडी घालून खांद्यावर टाकली. "मोजणी रस्त्यावर करायची, एवढंच मला सांगितलंय. कुठं बसायचं ते माझं मी ठरवणार."

आणि निघाली चालत. बाजूला व्लास्ता, मागं हार्वेस्टर, त्याच्या मागं मी, माझ्या मागं मोटारी आणि परगावचे ट्रक. अर्विडनं भोंगा धरला तो सोडेचना. नवरी घेऊन निघालेली वरातसुद्धा इतकी दणक्यात जात नाही.

खानावळीच्या दारात तिनं खुर्ची मांडली. पुढ्यात ताटली, हातात पेन्सिल. एकेक गाडी तिच्यासमोरून पुढं सरकली की रेघ मारायची. पक्की होती पोरगी. मका रिकामा करून मी दुसरी खेप आणली, तेव्हा मला नुसता हात केला, पण एकदा धरलेली गाडी म्हणून पेन्सिल जागची हलवली नाही. पण परगावचे ट्रकवाले निघताना हायवेवरच्या दोस्तांना रेडिओवर कोलाच्यांचं वर्णन करून गेले, आणि दुपारभर नवे चेहरे येत राहिले. डुकराचं मांस संपलं, कोबी संपला, शेवटी व्लास्तानं अंडी उकडली. तीही लोकांनी मीठ लावून हसत खाल्ली.

ऊन उतरल्यावर केंड्रानं रेघा दोनदा जुळवल्या. व्लास्ता ओल्या हातानं दारात उभी.

"यात खोटी एकही नाही," केंड्रा म्हणाली. "एवढ्या गाड्यांच्या रस्त्यावर खडी टाकता येत नाही. डांबर राहणार. माझ्या मोजणीवर वरचे साहेब बोट ठेवत नाहीत."

कुणीतरी टेबलावर मूठ आपटली, मग सगळ्यांनीच आपटल्या. कप नाचले. पाद्रीबाबांनी केंड्राच्या डोक्यावर हात ठेवून आशीर्वाद दिला. ती स्वतःला लुथरन म्हणवून घेत होती, आमच्या कॅथलिक चर्चची नव्हती, तरी दिला.

व्लास्ता रडेल असं मला वाटलं होतं. तिनं नाक पदराला, म्हणजे ॲप्रनला पुसलं आणि माझ्यावरच खेकसली, "भावजी, बसलाय काय नुसते? दारातला तुमचा ट्रक हलवा! मागं दोन गिऱ्हाइकं अडलीत!"