फोटोची डावी कड

कारंज्यासमोर फोटो काढायचा, हा माझ्या फेरीचा शेवट. अकरा वर्षं झाली, त्यात बदल नाही. सकाळी नऊला घड्याळाच्या मनोऱ्याखाली माणसं गोळा करायची, लाल छत्री उंच धरून पुढं चालायचं, जुनं न्यायालय, दगडी पूल, घोड्यावरचा सरदार, बंद पडलेलं नाट्यगृह असं करत साडेअकराला कारंज्यापाशी पोचायचं, पायऱ्यांवर सगळ्यांना दोन रांगांत उभं करायचं आणि फोटो. संध्याकाळी तो माझ्या पेजवर. गावभर मला छत्रीवाला म्हणतात. बायको मला फोटोवेडा म्हणते, कारण चहा गार होईपर्यंत मी त्या फोटोच्या कडा छाटत बसतो.

छाटाव्या लागतातच. कारंज्याच्या डाव्या हाताला दिव्याचा खांब, खांबाला टेकून कचऱ्याचा डबा, आणि तिथं सदा कोणीतरी रिकामटेकडं उभं. मला माझ्या फोटोत परकं माणूस खपत नाही. डबा हलवा म्हणून नगरपालिकेला तीन अर्ज दिले. डबा जागचा हलला नाही, मग मीच डावी कड कापायला लागलो. दर रविवारी फोन भरला की मूळ फोटो पुसून टाकायचे आणि छाटलेले तेवढे ठेवायचे. असा मी नीटनेटका माणूस. त्याचा मला अभिमानही होता, खोटं कशाला बोलू.

त्या बुधवारी चौदा जण होते. त्यातला एक जण शहर बघायला आलेला नाही, हे मला न्यायालयापाशीच कळलं. सत्तरीकडे झुकलेला माणूस, इस्त्रीचा शर्ट, डाव्या हाताच्या अंगठ्याजवळच्या बोटाचं पेर तुटलेलं. मी खांबांवरची नक्षी दाखवत होतो आणि हा खांबांकडे पाठ करून रस्त्यावरून जाणाऱ्या बायकांची तोंडं निरखत होता. पुलावर तेच. सरदाराच्या पुतळ्यापाशी तेच. मी सगळ्यांसमोर म्हणालो, की काही मंडळींना इतिहासापेक्षा रहदारीत जास्त रस दिसतो. लोक हसले. तो हसला नाही आणि चिडलाही नाही. कारंजं कधी येणार, एवढंच त्यानं विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा माझ्या डोक्यात तिडीक गेली. एवढी घाई असेल तर रिक्षानं जायचं होतं, असं मी सुनावलं.

नाट्यगृहापाशी मी लोकांना दहा मिनिटं पाणी प्यायला सोडतो. तेव्हा तो माझ्याजवळ येऊन पायरीवर बसला आणि मी न विचारता सांगायला लागला.

अडतीस वर्षं कारखान्यात लेथवर काम केलेला माणूस. बायको दवाखान्यात. हृदय थकलंय, चार-पाच दिवस फार तर, कोणाला बोलवायचं असेल तर बोलावून घ्या, असं डॉक्टरांनी सोमवारी सांगितलं होतं. बोलवायचं असं एकच माणूस होतं, मुलगी. दोन वर्षांपूर्वी ती नवऱ्याचं घर सोडून एका पिशवीनिशी माहेरी आली होती आणि ह्यानं तिला उंबऱ्यातूनच परत पाठवलं होतं. दिली तिथं नांदायचं, नाहीतर या दारात पुन्हा पाऊल टाकायचं नाही, फोनही करायचा नाही. बायकोलाही शपथ घातली, तिच्याशी बोललीस तर माझं मेलेलं तोंड बघशील. मुलगी नवऱ्याकडे गेलीच नाही. कुठं गेली ते कोणालाच माहीत नाही. जुना नंबर बंद. पोलीस म्हणाले, सज्ञान बाई आपल्या मर्जीनं गेली, ती हरवली असं कसं लिहायचं.

हे सगळं तो सरळ आवाजात सांगत होता, पण हात गुडघ्यांवर एकसारखे फिरत होते. मला त्याचा रागही आला आणि दयाही आली, आणि यात माझा काय संबंध असंही वाटलं.

संबंध त्यानं पुढं सांगितला. नऊ वर्षांपूर्वी ती तिघं माझ्या फेरीत आली होती. तो फोटो त्यांच्या घरात भिंतीवर लावलाय. तेव्हापासून बायकोला नादच लागला. रोज संध्याकाळी माझं पेज उघडायचं, आज कोण कोण आलंय बघू म्हणायचं, मग या बाईचा रंग हिला शोभत नाही, हा पोरगा त्या मुलीला अगदी जोडीचा आहे, असं काहीबाही बोलत बसायचं. मुलगी तिची थट्टा करायची, आई तुझी रोजची पाहुणेमंडळी आली का म्हणून.

त्यानं खिशातून फोन काढला आणि माझाच एक फोटो मला दाखवला. दोन महिन्यांपूर्वीचा. अगदी डाव्या कडेला एक कोपर आणि अर्धी पिशवी. हिरवं कापड, त्यावर पांढरी पानं.

"हा आमच्या बैठकीच्या खोलीतला पडदा," तो म्हणाला. "जुना झाला तेव्हा हिनं त्याची पिशवी शिवली पोरीला. ही दोन महिने मला दाखवतेय, ही आपली पोरगी ठकीच आहे म्हणून. मी म्हणायचो, काहीतरीच काय, पडद्यासारखे पडदे असतात. काल दवाखान्यात चष्मा लावून नीट बघितलं. टाके हिचेच आहेत."

मग तो म्हणाला, की मला पूर्ण फोटो द्या, एकदा पोरीचं तोंड दिसू दे एवढंच ही म्हणतेय.

फोटो तर मी पुसले होतेच. पण ती पिशवी मला चांगलीच आठवत होती.

मी त्याला अर्धंच सांगितलं. मूळ फोटो राहिले नाहीत, फोनमध्ये जागा नसते, असं म्हणून सगळा दोष फोनवर ढकलला. तो मान हलवून उठला. कारंज्यापर्यंत सात मिनिटांचा रस्ता. फेरीतल्या लोकांनी रस्त्यातल्या जुन्या छापखान्याबद्दल विचारलं, त्याची तारीखही मला सांगता येईना.

कारंज्यापाशी त्यानं विचारलं, ती नेमकी कुठं उभी होती. आता खोटं बोलायला जीभ वळेना. मी त्याला डब्याजवळ नेलं. म्हणालो, आधी इथं, डब्याच्या पलीकडे. यायची दर बुधवारी. मग पुढच्या बुधवारी इथं, खांबाच्या अलीकडे. मग पहिल्या पायरीच्या टोकाला. मी एकेक पाऊल टाकून दाखवत होतो आणि दाखवता दाखवताच मला कळलं. मी कड छाटत होतो. संध्याकाळी पेजवर ती स्वतःला शोधत होती, सापडत नव्हती, म्हणून पुढच्या बुधवारी एक पाऊल आत येत होती. फोन करायचा नाही, दारात पाऊल टाकायचं नाही, आईशी बोलायचं नाही. पण आई रोज फोटो बघते हे तिला ठाऊक होतं.

"आणि शेवटी?" त्यानं विचारलं.

शेवटी तीन आठवड्यांपूर्वी ती सरळ दुसऱ्या पायरीवर, माझ्या लोकांच्या मागच्या रांगेत येऊन उभी राहिली. मी चारचौघांत तिच्यावर खेकसलो. म्हणालो, बाई, हा फोटो आमच्या माणसांचा आहे, दर आठवड्याला इथं मध्ये मध्ये येऊ नका. पिशवी छातीशी धरून ती खाली उतरली आणि गेली. त्यानंतर आली नाही. आणि मी घरी जाऊन बायकोला सांगितलं होतं, की एकदाची ब्याद गेली.

हे मी सगळं सांगितलं, ब्याद शब्दासकट. मला वाटलं हा माझ्या श्रीमुखात भडकावेल. भडकावली असती तर बरं झालं असतं.

"म्हणजे तुम्हीही तिला जा असंच म्हणालात," तो म्हणाला आणि पायरीवर खाली बसला.

माझ्याकडे नाट्यगृहाचं जुनं चित्र चिकटवलेला एक मोठा पुठ्ठा असतो. मी तो उलटा केला आणि मागच्या कोऱ्या बाजूवर त्याला जाड पेननं लिहायला सांगितलं. त्यानं लिहिलं: ठकी, आई मोठ्या दवाखान्यात आहे, दुसरा मजला. लवकर ये. बाबा. मग तो पुठ्ठा धरून खांबापाशी उभा राहिला, डब्याला लागून. मी म्हटलं मध्ये या, काका, लोक जागा देतील. नाही म्हणाला.

मी तो फोटो न छाटता टाकला. अकरा वर्षांत पहिल्यांदा. खाली लोकांनी लिहिलं, आज फोटो वाकडा आलाय, कचऱ्याचा डबा दिसतोय. एकानं विचारलं, ही जाहिरात आहे का. जिच्यासाठी टाकला तिचा एक शब्द नाही. गुरुवारी सकाळीही नाही. येणार तरी कशी. मी हाकलल्यावर ती कशाला माझं पेज उघडेल.

मग मी जिवाचा आटापिटा केला. गेल्या तीन महिन्यांत बुधवारी आलेल्यांपैकी एकसष्ट जणांचे नंबर माझ्याकडे होते. प्रत्येकाला लिहिलं, की कारंज्यापाशी तुमच्या स्वतःच्या फोनवर काढलेला फोटो असेल तर आहे तसा पाठवा, एका आईच्या जिवाचा प्रश्न आहे. लोकांनी पाठवले, नाही असं नाही. स्वतःचे बूट, नवऱ्याची टोपी, कबुतरं. एकानं सरदाराच्या घोड्याचं नुसतं शेपूट पाठवलं. मी गुरुवारची फेरी रद्द केली आणि दिवसभर बोटांनी फोटो मोठे करून डाव्या कडा बघत बसलो. बायकोनं चहा आणून ठेवला, गार झाला, पुन्हा आणला.

शुक्रवारी दुपारी एका निवृत्त शाळामास्तरीणबाईंचा फोटो आला. तीन आठवड्यांपूर्वीचा. दोन्ही रांगा, डबा, खांब, सगळं. आणि दुसऱ्या रांगेत बाईंच्या खांद्यामागे ती. हिरवी पिशवी दोन्ही हातांनी अशी पुढे धरलेली, की पानं स्पष्ट दिसावीत. केस कानापर्यंत कापलेले. सरळ कॅमेऱ्याकडे बघत होती. तो फोटो मीच काढला होता, बाईंच्या फोनवर. तो काढून झाल्यावर मी माझा फोन हातात घेतला होता आणि मग खेकसलो होतो.

मी दवाखान्याचा जिना धावत चढलो. पन्नाशीत धावणं बरं नव्हे, पण धावलो. खोलीत सहा खाटा होत्या. खिडकीकडच्या खाटेवर त्या काकू, नाकात नळी, चेहरा इवलासा झालेला. नवरा स्टुलावर बसून त्यांचे पाय चेपत होता. मी फोन त्याच्या हातात दिला. त्यानं तुटक्या बोटानं मुलीचा चेहरा मोठा केला, तो सरकला, पुन्हा मोठा केला आणि बायकोच्या डोळ्यांसमोर धरला. मी त्याचा हात खालून धरला.

त्या पुष्कळ वेळ बघत राहिल्या.

"बारीक झालीय," त्या म्हणाल्या. मग जरा थांबून, "केस कापलेन् मेलीनं."

नवरा रडायला लागला. त्या माझ्याकडे बघून म्हणाल्या, "छत्रीवाले ना तुम्ही? फोटो छान असतात हो तुमचे. कडेचं तेवढं कापू नका."

मी नाही कापणार म्हणालो. त्यांनी पुन्हा फोनकडे नजर वळवली. फोन आपोआप काळा झाला की त्या बोट उचलायच्या आणि नवरा तो परत लावायचा. मी फोन तिथंच ठेवून घरी आलो.

शनिवारी सकाळी माझ्याच नंबरवरून बायकोच्या फोनवर फोन आला. "गेली ही," एवढंच तो म्हणाला. मुलगी आलेली नव्हती.

पुढच्या बुधवारी मी लोकांना पायऱ्यांवर उभं करत होतो तर तो खांबापाशी उभा. तोच इस्त्रीचा शर्ट. फेरीला आला नव्हता, थेट कारंज्यावर आला होता. हातात पुठ्ठा नव्हता. मी विचारलं, पुठ्ठा आणू का, काकूंचं काही लिहायचंय का.

"नको," तो म्हणाला. "आई गेली हे पोरीला फोटोतून कळायला नको. मी उभा आहे, एवढं दिसू दे."

आता दहा बुधवार झाले. पाऊस असला तर तो छत्री घेत नाही, तोंड झाकलं जातं म्हणून. ती बघते की नाही मला माहीत नाही. मी रविवारी काहीही पुसत नाही. बायकोनं मला मोठ्या जागेचा फोन घ्यायला लावला. संध्याकाळी फोटो टाकतो तो डब्यासकट, खांबासकट. फेरीतलं कोणी ना कोणी दर वेळी विचारतंच, की कडेला ते आजोबा उभे आहेत त्यांना जरा बाजूला व्हायला सांगता का.

ते आमचेच आहेत, मी सांगतो.