सासूबाई आत आहेत

कानांनी अधू माणसाला गुपित सांगायचं म्हणजे मोठी पंचाईत. ते आधी आजूबाजूच्या चार लोकांना कळतं आणि मग कुठे त्या माणसाला. सूनबाई सकाळपासून याच पंचाईतीत सापडली होती.

सहलीच्या जाहिरातीत 'लहान गट, निवांत सहल' असं लिहिलं होतं. गट लहान होता हे खरं. गाडीत जेमतेम दहाबारा डोकी होती. पण गाडी त्याहून लहान होती, आणि निवांतपणाचा तर पत्ताच नव्हता. पिवळी टोपी घातलेला मार्गदर्शक दर वळणावर उठून उभा राहायचा आणि डावीकडे बघा, उजवीकडे बघा म्हणायचा. पुढच्या बाकावर नवं लग्न झालेलं जोडपं एकमेकांचे फोटो काढत होतं. मागे गळ्यात दुर्बीण अडकवलेले एक काका होते, त्यांना सगळ्यांच्या बोलण्यात भाग घ्यायची हौस. मधोमध सूनबाई आणि सासूबाई. सूनबाईचा पाय एकसारखा हलत होता.

"पाय हलवू नकोस," सासूबाई म्हणाल्या. "सगळं बाक हलतंय."

सूनबाईने पाय आवरला. थोड्या वेळाने हाताची बोटं सुरू झाली.

या दोघींचं कपडे धुण्याचं दुकान होतं. मागच्या खोलीत बॉयलर आणि वाफेची मोठी इस्त्री. तिथे सासूबाईंचा उभा जन्म गेला, आणि त्या फुसफुसाटात कानही गेले. पुढे गल्ल्यावर सूनबाई. नाजूक कपड्यावरचा डाग काढायचा असला की गिऱ्हाइकं दारातूनच विचारायची, "बाई आहेत ना?" आणि सूनबाई मान वर न करता, पावती फाडता फाडता सांगायची, "आहेत, आत आहेत." तिला कधी मागे वळून बघावं लागलं नाही. सासूबाई आत नाहीत असं झालंच नव्हतं. मुलगा गेला त्याच्या तेराव्या दिवशीदेखील त्या आत होत्या, वाफेत चेहरा घालून.

त्यानंतर घरात दोघीच उरल्या. एकीने रडायचं तेव्हा दुसरीने चहा ठेवायचा, असं करत करत चौथं वर्ष लागलं. आणि या वर्षी कोपऱ्यावरच्या चष्मेवाल्याने सूनबाईला विचारलं. चांगला माणूस होता. बोलायचा कमी, पण तिचं सगळं ऐकून घ्यायचा. तिलाही तो हवा होता. उगाच आढेवेढे घेण्याचं तिचं वय राहिलं नव्हतं. तिने त्याला एवढंच सांगितलं, "आधी मी आईंना सांगते. रविवारी सांगते." सोमवारी संध्याकाळी तो आपल्या आईला घेऊन घरी येणार होता. आणि आज रविवार होता.

दुकानात सांगता येत नव्हतं, तिथे बॉयलर आणि गिऱ्हाइकं. घरी सांगता येत नव्हतं, भिंती पातळ आणि शेजारीण तिखट कानाची. म्हणून तिने ही सहल काढली. मोकळ्या हवेत, समुद्राकाठी, दोघीच कुठेतरी बसू, असं तिच्या मनात होतं. मोकळी हवा कानाशी एवढा गोंगाट करते हे तिच्या लक्षात आलं नव्हतं.

पहिला थांबा कड्यावर. खाली काळे खडक सुळ्यांसारखे वर आले होते आणि लाटा त्यांच्यावर आदळून फुटत होत्या. लोक कठड्याला टेकून फोटो काढू लागले. सूनबाईने सासूबाईंना कोपऱ्यात ओढलं.

"आई, एक बोलायचं होतं."

"काय?"

"बोलायचं होतं!"

"काय घालायचं होतं? स्वेटर? घातलाय की मी."

"बोलायचं, हो! तुमच्याशी!"

दुर्बिणवाले काका चटकन जवळ सरकले. "बोला, बोला, आम्हीही ऐकतो."

सूनबाईचं धैर्य पार गळालं. "डबा कधी खायचा, एवढंच विचारत होते," ती म्हणाली.

"आत्ता तर नाश्ता झाला," सासूबाई म्हणाल्या. "तुझं पोट आहे की काय आहे?"

दुसऱ्या थांब्यावर वाळू होती, वाराही कमी होता. पण सूनबाई सुरुवात कशी करावी ते जुळवेपर्यंत पिवळ्या टोपीने शिट्टी फुंकली. सगळ्यांनी धावतपळत गाडीत यायचं. तिने मनातल्या मनात वाक्य पुन्हा तयार केलं. 'आई, मी लग्न करतेय.' छे, हे फार उघडं झालं. 'आई, तुम्हाला एकटं वाटेल, पण.' हे त्याहून वाईट. त्यांना एकटं वाटेल हे खरंच होतं. तेच तर तिला छळत होतं. या बाईने आपल्याला मुलीसारखं वागवलं, आणि आपण तिला वाफेच्या खोलीत एकटी सोडून निघालो आहोत. स्वतःला एक नाव तिने मनातल्या मनात कितीदा तरी दिलं होतं. कृतघ्न.

बेटाकडे जायला बोट होती. पिवळ्या टोपीची माणसं मोजायची एक खास पद्धत होती. बोटीवर डोकी मोजत बसलं की वाऱ्याने मोजणी चुकते, असं तो म्हणे. म्हणून तो जोड्या लावून ठेवायचा आणि निघताना एकेकाला विचारायचा, "तुमचा जोडीदार आहे?" ज्याने त्याने आपल्या जोडीदाराची हमी द्यायची. "आजवर एकही माणूस मागे राहिला नाही," असं त्याने छाती फुगवून सांगितलं.

जाताना सासूबाईंना वारा सोसेना. त्या बोटीच्या केबिनमध्ये जाऊन बसल्या. सूनबाई बाहेर पुढच्या टोकाला.

बेट म्हणजे नुसता दगड आणि पक्षी. पक्ष्यांनी सगळा उतार पांढरा करून टाकला होता. सासूबाईंनी कमरेवर हात ठेवून तो उतार नीट न्याहाळला. "हा डाग आपल्याच्याने निघायचा नाही," त्या म्हणाल्या आणि स्वतःच हसल्या. कितीतरी दिवसांनी हसल्या. सूनबाईला वाटलं, आत्ता सांगावं. पण आता हसताहेत, तेवढं तरी हसून होऊ दे.

"मी जरा त्या बाजूला जाऊन येते," सासूबाई म्हणाल्या आणि खडकाआड गेल्या.

सूनबाई धक्क्यावर येरझाऱ्या घालू लागली. बोटीत सांगायचं, केबिनमध्ये. तिथे वारा नाही, दार लावता येतं. ठरलं. ती वाक्य घोकत राहिली. शिट्टी झाली तशी ती सगळ्यांबरोबर बोटीत चढली, पुढच्या टोकाला जाऊन उभी राहिली आणि पाण्याकडे बघत पुन्हा घोकू लागली.

"तुमची जोडीदार?" पिवळ्या टोपीने विचारलं.

"आहेत," सूनबाई मान वर न करता म्हणाली. "आत आहेत."

बोट सुटली.

बेट चांगलंच मागे पडल्यावर तिने एकदाचा धीर केला. केसांवरून हात फिरवला, केबिनचं दार उघडलं, आत पाऊल टाकलं आणि दार लावून घेतलं. "आई," ती म्हणाली, "मला तुमच्याशी..."

बाकावर दोरखंडाचं वेटोळं पडलं होतं. त्याच्या शेजारी लाइफजॅकेटांचा ढीग. बाकी कोणी नव्हतं.

त्या क्षणी जे तिच्या मनात आलं ते तिने पुढे चष्मेवाल्यालाही सांगितलं नाही. आधी तिला हलकं वाटलं. आता सांगायला नको, एवढंच. पापणी लवायच्या आतलं ते हलकेपण होतं, पण ते तिने पाहिलं. मग ती किंचाळत बाहेर धावली.

"बोट फिरवा! आई राहिल्या!"

पिवळी टोपी पांढरीफटक पडली, म्हणजे टोपीखालचं तोंड. "अहो, तुम्हीच म्हणालात आत आहेत!"

"म्हणाले," सूनबाई म्हणाली. "बघितलं नाही."

बोटवाल्याने कपाळावर हात मारला. ओहोटी लागली होती, धक्क्याशी आता पाणी पुरायचं नाही. तरी त्याने बोट वळवली. सूनबाई कठडा धरून उभी राहिली. बसा म्हटलं तरी बसेना. दुर्बिणवाल्या काकांनी दुर्बीण लावली.

"दिसताहेत?" तिने विचारलं.

"दिसताहेत. उभ्या आहेत."

"काय करताहेत?"

"कमरेवर हात आहेत," काका म्हणाले, आणि दिवसभरात पहिल्यांदाच पुढे काही बोलले नाहीत.

बोटवाला म्हणाला की, धक्क्याला बोट क्षणभर टेकवतो, एकाने उडी मारायची, आणि आजींना खडकांवरून पलीकडच्या बाजूला घेऊन यायचं. तिथे पाणी खोल आहे. पिवळी टोपी पुढे सरसावली, पण त्याच्याआधी सूनबाईची उडी पडली. गुडघा सोलवटला. तिने तिकडे पाहिलंही नाही.

सासूबाई जागच्या हलल्या नाहीत. तोंड लालबुंद झालं होतं.

"हाका मारल्या मी," त्या म्हणाल्या. "घसा फुटेस्तोवर मारल्या. तू पाठ करून उभी होतीस."

"चुकलं, आई."

"काय?"

"चुकलं माझं!"

"आधी तो गेला," सासूबाई म्हणाल्या. "न सांगता गेला. आता तू. मला वाटलं, बरं झालं, आता जिची वाट बघायची असं कोणी राहिलं नाही."

सूनबाईला रडू फुटलं. तिने त्यांचा हात घट्ट धरला आणि दोघी खडकांवरून चालू लागल्या. शेवाळावरून पाय सटकत होते. पक्षी डोक्यावर कलकलत होते. अर्ध्या वाटेत सूनबाई थांबली. आज या बाईला एकदा फसवून झालं होतं. तोंड मिटून तिला बोटीत नेऊन बसवायचं म्हणजे पुन्हा फसवणंच.

"आई, मला लग्न करायचंय."

"काय?"

"लग्न! मला लग्न करायचंय! चष्मेवाल्याशी!"

तेवढ्यात बोट खडकाला वळसा घालून आली होती, आणि इंजिन नेमकं बंद झालं होतं. तिचा शब्दन् शब्द बोटीत पोचला. नव्या नवरीने न राहवून टाळी वाजवली, आणि नवऱ्याने तिचा हात खाली दाबला.

सासूबाईंना ऐकू गेलं होतं. त्यांनी आपला हात सोडवून घेतला आणि एकट्याच पुढे चालू लागल्या. सूनबाई दोन पावलं मागून, हात पसरून. त्यांचा पाय एकदा घसरला, सावरला. पाण्याच्या कडेशी पोचल्यावर त्या थांबल्या, पण वळल्या नाहीत.

"त्याला आई आहे ना?" त्यांनी विचारलं. "दुकानात खुर्चीवर बसलेली असते ती?"

"हो!"

"कशी आहे?"

"चांगल्या आहेत!" ती म्हणाली. खोटं नव्हतं. पण बोलताना तिला चोरी केल्यासारखं झालं.

सासूबाईंनी पदराने तोंड पुसलं, वाऱ्यात दोनदा पुसावं लागलं. "चांगली असणारच," त्या म्हणाल्या. "तिची कूस अजून भरलेली आहे. तिला काय जातंय चांगलं राहायला?"

बोटवाला दोर टाकून उभा होता. कोणी घाई केली नाही.

"रोज दुकानात यायचं," सासूबाई म्हणाल्या. "मला गिऱ्हाइकाशी बोलता येत नाही."

"येईन! रोज येईन! आणि तुम्ही पण तिकडे राहायला या, आई! मी त्याला आधीच सांगितलंय!"

"दोन सासवा एका स्वयंपाकघरात?" सासूबाई म्हणाल्या. "बायका एकीला कंटाळतात, तू दोघींना घेऊन नांदणार?"

"नांदेन!"

आता सासूबाई वळल्या. डोळे सुजले होते, राग तसाच होता. त्यांनी सूनबाईच्या सोलवटलेल्या गुडघ्याकडे पाहिलं, मग तिच्याकडे पाहिलं.

"मी यायची नाही," त्या म्हणाल्या. "पण तू बोलावत जा."